स्वल्प दम

कमला टीचरांच्या घरात एका शब्दाला बंदी आहे. पाहुणा असो, शेजारीण असो, कुणाच्या तोंडून "स्वल्प" निघालं की त्या हातातलं काम थांबवून विचारतात, "स्वल्प म्हणजे किती?" भात स्वल्प वाढा म्हटलं तर डाव हवेतच राहतो. गुडघा स्वल्प दुखतोय म्हटलं तर किती पायऱ्यांनंतर थांबावं लागतं, चढताना जास्त की उतरताना, अशी उलटतपासणी सुरू होते. त्यांचे यजमान वादिराज म्हणजे सगळी नोकरी विमा कंपनीच्या ऑफिसात खाली मान घालून केलेला माणूस. ते आता या जाचाला सरावलेत आणि "दीड डाव भात" असं मोजूनच मागतात. नवख्या माणसाला मात्र वाटतं, एकतीस वर्षं गणित शिकवून बाईंच्या डोक्यावर परिणाम झाला असावा.

परिणाम झाला आहे, पण तो गणिताचा नाही. त्यामागे के. आर. पुरमचा एक माणूस आहे. त्याला कमला टीचरांनी कधी पाहिलं नाही. त्याच्याशी त्या अकरा मिनिटं फोनवर बोलल्या, एवढीच ओळख. त्या अकरा मिनिटांत त्यांच्या हातून एक चूक झाली, आणि ती त्याच्या बायकोच्या तोंडावर कबूल करायला त्यांना तीन वर्षं लागली.

पुण्या-मुंबईच्या माणसाला हा शब्द फार तर स्वल्पविरामात भेटतो, तोही शाळेत. बेंगळुरूत तो कानडीतून येतो आणि दिवसभर पायात पायात येतो. रिक्षावाला स्वल्प पुढे नेऊन सोडतो, दुकानदार स्वल्प थांबा म्हणून अर्धा तास उभा करतो, बसमध्ये दोघांच्या बाकावर तिसऱ्यासाठी स्वल्प सरकायचं असतं. कमला टीचरांचं घराणं शहाजीराजांच्या फौजेबरोबर इकडे आलं आणि परत जायचं विसरलं, असं त्यांचे वडील सांगत. अशा घरांत तो शब्द मराठीतच मुरला. त्यांच्या घरी भांडण मराठीत होतं, पूजा संस्कृतात आणि पाढे कानडीत. राजाजीनगरच्या ज्या शाळेत त्या शिकल्या तिथेच पुढे शिकवायला लागल्या. तिथे आकडे कानडीतच बोलायचे, त्यामुळे आजही भाकरी मोजताना त्यांच्या तोंडी ओंदु, एरडु, मूरु येतं.

२०२१ च्या एप्रिलात दुसरी लाट आली तेव्हा शाळा बंद होत्या आणि शिक्षक मोकळे दिसत होते. मोकळा शिक्षक सरकारला बघवत नाही. जनगणना असो, निवडणूक असो, माणूस हवा असला की मास्तर हाताशी असतोच. कमला टीचरांना हुकूम आला: घरीच विलगीकरणात असलेल्या रुग्णांना दिवसाआड फोन करायचे. कामाची जागा होती एक कल्याणमंटप, म्हणजे लग्नाचा हॉल. स्टेजवर नवरा-नवरीच्या लाल मखमली खुर्च्या तशाच होत्या, खाली पंगतीच्या टेबलांवर सव्वीस शिक्षक फोन कानाला लावून बसायचे. यादी संगणकातून यायची. पश्चिमेच्या शिक्षकाला पूर्वेचे रुग्ण, पूर्वेच्याला दक्षिणेचे, काही मेळ नसायचा. रोज चाळीस फोन.

पहिल्या दिवशी एक तरुण डॉक्टरीण शिकवायला आली. तिचे डोळे जागरणाने सुजले होते, पण बोलणं स्वच्छ होतं. "हा विषाणू फुप्फुसात उतरला की हवेच्या बारीक पिशव्यांना सूज येते. रक्तातला प्राणवायू घसरायला लागतो. गंमत अशी की माणसाला ते कळत नाही. तो तुमच्याशी छान गप्पा मारेल आणि इकडे आकडा ऐंशीवर आलेला असेल. पाचव्या दिवसापासून दहाव्यापर्यंत डोळ्यांत तेल घालून बघा. ऑक्सिमीटर असेल तर आकडा विचारा. चौऱ्याण्णवच्या खाली गेला की लगेच आम्हाला कळवा. नसेल, तर एका श्वासात तीसपर्यंत मोजायला सांगा. ही चाचणी काही पक्की नाही, पण बाजारात ऑक्सिमीटर मिळेनासे झालेत, आणि काहीच नसण्यापेक्षा हे बरं. कसं वाटतंय हे विचारून त्यावर विसंबू नका. मोजायला लावा, सगळ्यांना."

हे कमला टीचरांना एकदम पटलं. कसं वाटतंय यात त्यांना कधीच रस नव्हता. वर्गात "समजल्यासारखं वाटतं" म्हणणाऱ्या मुलाला त्या फळ्यापाशी उभं करत. पहिल्या आठवड्यात त्यांनी आयटीतल्या साहेबांना मोजायला लावलं, भाजीवालीला लावलं, एका निवृत्त पोलिसाला लावलं. तो चिडून "मी काय पहिलीत आहे?" म्हणाला, तेव्हा "असता तर मुकाट्याने मोजलं असतं," असं त्याला सुनावलं. त्यांनी एक बारकावाही टिपला. घरी कुठलीही भाषा बोलो, माणूस ज्या भाषेत पाढे शिकला त्याच भाषेत मोजतो, आणि कानडी आकडे लांब पडतात. म्हणून त्या घड्याळही बघायच्या. शेजारच्या टेबलावर त्यांच्याच शाळेतली विज्ञानाची शिक्षिका सुप्रीता बसायची. ती हसून म्हणायची, "मॅडम, रुग्ण बरे होवोत न होवोत, उजळणी पाठ होणार."

सातव्या दिवशी यादीत सव्विसावं नाव होतं कृष्णाजी, वय एकसष्ट, के. आर. पुरम, आजाराचा सहावा दिवस. कमला टीचरांनी रोजच्यासारखं कानडीत सुरू केलं. पलीकडून कानडीतच उत्तर आलं आणि मध्येच तो माणूस मोठ्याने ओरडला, "अगं टीव्ही बारीक कर की, फोन हाय!"

"अय्यो, तुम्ही मराठी का?" त्यांच्या तोंडून निघून गेलं.

"व्हय की. निप्पाणीकडचे आमी. तुमी?"

"आम्ही इथलेच."

"इथलेच म्हंजे?"

"चारशे वर्षं झाली."

कृष्णाजी हसले. हसताना खोकले, मग पुन्हा हसले. आठवडाभर त्या हॉलात कमला टीचरांनी ताप, जुलाब, रडणं आणि शिव्या याखेरीज काही ऐकलं नव्हतं. आपल्या घरातली भाषा, तीही अनोळखी माणसाच्या तोंडून, कानावर पडली आणि त्यांना अगदी माहेरचं कुणी भेटल्यासारखं झालं. पुढचं मग वाहवत गेलं. कृष्णाजी होसकोट्याच्या एका कारखान्यात फिटर होते. वय उलटून गेलं तरी मालक सोडत नव्हता. कंपनीची बस यायची, रस्त्याला धूळ फार म्हणून काचा गच्च बंद. मागच्या बाकावर देवाप्पा नावाचा माणूस दोन दिवस खोकत होता. ज्याच्या-त्याच्या खिशात हात धुवायची बाटली होती, पण पाऊण तास सगळे एकमेकांची हवा ओढत बसायचे. पाच दिवसांत बसमधले नऊजण आडवे झाले.

"तुमचं मराठी लई गमतीचं हाय, अक्का," ते म्हणाले. "कानडी माणसानं मराठी शिकल्यागत."

"आणि तुमचं?"

"आमचं मराठी माणसानं कानडी शिकल्यागत. दोन्हीकडनं गेलो बघा."

वासाचं विचारलं तेव्हा त्यांनी आवाज खाली केला. बायको दाराबाहेरच बसते म्हणाले. काल तिने लसणाची चटणी कुटून दिली, दारात वाटी ठेवली. वास नाही, चव नाही, माती खाल्ल्यासारखी खाल्ली. पण तिला म्हटलं छान झाली, वाटी पुसून दिली. "तिला सांगू नका हां," ते म्हणाले. कमला टीचरांनी कबूल केलं.

मग त्यांनी कागदावरचा पुढचा प्रश्न विचारला. "दम लागतो का?"

पलीकडे थोडा वेळ काहीच नाही. "स्वल्प," कृष्णाजी म्हणाले. "न्हाणीपर्यंत जाऊन आलो की... स्वल्प दम लागतोय. बाकी काय न्हाई."

कागदावर तीन चौकोन होते: नाही, थोडा, खूप. टीचरांनी मधल्या चौकोनात खूण केली. स्वल्प म्हणजे थोडा, यात विचार करण्यासारखं काय होतं? खाली तीसपर्यंत मोजायची ओळ होती. त्या ओळीवर पेन टेकलाही होता. पण इतकं घरगुती बोलून झाल्यावर, आपल्याहून चार वर्षांनी मोठ्या माणसाला, जो आपल्याला अक्का म्हणतोय त्याला, "आता उजळणी म्हणा" कसं म्हणायचं, हे त्यांना अवघड वाटलं. पोलिसाला सुनावणारी बाई आपल्या माणसापुढे संकोचली. घड्याळात अकरा मिनिटं झाली होती आणि चौदा नावं उरली होती. "काळजी घ्या, पालथे झोपा, परवा करते," असं म्हणून त्यांनी फोन ठेवला. त्या दिवशी त्या जरा खुशीतच घरी गेल्या आणि वादिराजांना निप्पाणीकरांची मराठी करून दाखवली.

परवा फोन मुलाने उचलला. नाव महांतेश. "बाबा काल गेले," तो म्हणाला. फोन झाल्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी न्हाणीच्या दारात कोसळले. शेजाऱ्याच्या ऑक्सिमीटरने चौसष्ट दाखवलं. खाटा कुठेच नव्हत्या, संध्याकाळी एक मिळाली, आणि रात्री संपलं. मुलाने तक्रार केली नाही, कुणाला बोल लावला नाही. उलट "फोन केल्याबद्दल थँक्स" म्हणाला. तेव्हा कमला टीचरांना आठवलं की कृष्णाजी प्रत्येक वाक्यानंतर थांबत होते. अकरा मिनिटं त्या थांबण्याला त्या गप्पिष्ट माणसाचा रंगवून सांगण्याचा ढंग समजल्या होत्या. ते श्वास गोळा करत होते.

त्या दिवशी मोजायला लावलं असतं तर ते वाचले असते का? कदाचित नाही. त्या दिवसांत खाट एक दिवस आधीही मिळाली नसती. हे वादिराजांनी सांगितलं, सुप्रीताने सांगितलं, थकलेल्या डॉक्टरीणबाईंनीही सांगितलं. ते सगळं खरं असेलही. पण चाळीसच्या चाळीस लोकांना विचारायचं जे काम होतं, ते त्यांनी एकाच माणसाच्या बाबतीत टाळलं, आणि तो माणूस तोच होता. हे मात्र कुणालाच खोडता आलं नाही.

त्यानंतर कमला टीचरांनी कुणालाही सोडलं नाही. मराठी ऐकू आलं तर जास्तच कडक व्हायच्या. "आधी मोजा, मग बोलू," म्हणायच्या. स्वल्प म्हणणाऱ्याला विचारायच्या, स्वल्प म्हणजे किती पावलांनंतर? त्या दोन आठवड्यांत असे पाच लोक निघाले, जे स्वल्प म्हणाले आणि बारा-तेराच्या पुढे मोजू शकले नाहीत. पाचांनाही वेळेत प्राणवायू मिळाला. सुप्रीताने ही बेरीज सांगून त्यांची समजूत घालायचा प्रयत्न केला. पण पाचांतून एक वजा करून चार उरतात, असं हे गणित नव्हतं.

आणि मग त्या स्वतः पडल्या. कुठे लागण झाली हे शोधायला लांब जावं लागलं नाही. हॉलात एसी होता, म्हणून खिडक्या बंद. बाहेर गाड्यांचा गोंगाट, म्हणून दारंही बंद. फायलींवर फवारे मारायचे, हात धुऊन धुऊन सगळ्यांची कातडी निघाली होती. पण फोनवर ऐकू जावं म्हणून जो-तो मास्क हनुवटीवर ओढायचा आणि दिवसभर वरच्या पट्टीत बोलायचा. जी हवा एकाच्या तोंडून निघायची ती दुसऱ्याच्या नाकात. सगळ्या शहराला खिडक्या उघड्या ठेवा म्हणून सांगणारे सव्वीस लोक एका बंद खोलीत बसून सांगत होते. एका आठवड्यात अकराजण तापाने पडले. मूर्खपणाच होता तो, आणि त्यात त्याही सामील होत्या.

घरात पुढची खोली त्यांची झाली. वादिराज दारात ताट ठेवायचे, थोडं लांब उभं राहून बघायचे. सहाव्या दिवशी फोन वाजला. सुप्रीता होती. पडलेल्या अकराजणांत ती नव्हती, आता तिच्याच यादीत कमला टीचरांचं नाव आलं होतं. ताप, खोकला, वास झालं. मग तिने विचारलं, "मॅडम, दम लागतो का?"

"स्वल्प," कमला टीचर म्हणाल्या.

म्हणाल्या आणि थबकल्या. सगळं माहीत असून हा शब्द तोंडात आला कसा? सुप्रीताला अजून तीस फोन करायचे आहेत, तिला घोर नको. दारात वादिराज उभे आहेत, त्यांच्या कानावर नको. एवढा विचार मनात येऊन गेलाही नव्हता, त्याच्या आधीच शब्द बाहेर पडला होता. तो दम किती लागतो हे सांगणारा शब्दच नव्हता. समोरच्याने आपल्यासाठी धावपळ करू नये म्हणून म्हणायचा शब्द होता, बसमध्ये सरकून बसतात तसा. कृष्णाजींनी तो असाच म्हटला असणार. आणि आपण त्याला माप समजून कागदावर उतरवला.

"थांब सुप्रीता. मी मोजते." ओंदु, एरडु, मूरु. हदिनारुला, म्हणजे सोळाला, छाती रिकामी झाली. सतरा म्हणायला हवाच नव्हती. पलीकडे सुप्रीता रडायला लागली, पण रडत रडतच तिने दुसऱ्या फोनवरून डॉक्टरांना गाठलं. कमला टीचर नऊ दिवस इस्पितळात पालथ्या झोपून राहिल्या आणि परत आल्या.

परत आल्या म्हणजे अगदी पूर्वीसारख्या नव्हे. जिन्याच्या मधल्या वळणावर थांबावं लागायचं. सहा महिने कॉफीला जळक्या रबराचा वास यायचा. शाळा उघडल्यावर एकदा फळ्यावर वर्गसमीकरण सोडवताना मधली पायरी पार पुसून गेली, खडू हातात धरून त्या उभ्याच राहिल्या, आणि पहिल्या बाकावरच्या मुलीने हळूच सांगितलं तेव्हा गाडी पुढे सरकली. हळूहळू सुधारलं. घरातली शब्दबंदी याच दिवसांत लागू झाली. आणि के. आर. पुरमला जायचं राहत गेलं.

का राहत गेलं? आधी अंगात जोर नव्हता, मग शाळा होती, मग परीक्षा होत्या. खरं कारण भीती. नंबर त्यांच्या वहीत होता. तीनदा लावला, तीनदा वाजायच्या आत तोडला. वादिराज एकदा म्हणाले, "तू सांगून मोकळी होशील, कमला. त्या बाईंच्या डोक्यावर मात्र नवं ओझं बसेल. तीन वर्षांनी कशाला?" ते फार क्वचित असं बोलत, आणि त्यात तथ्य होतं. टीचरांनी त्यावर महिनाभर विचार केला. "त्यांच्या माणसाचं काय झालं हे मला ठाऊक आहे आणि त्यांना नाही," शेवटी त्या म्हणाल्या. "हे झाकून ठेवायचा मला काय अधिकार?"

२०२४ च्या जूनमध्ये कमला टीचर निवृत्त झाल्या. शाळेतलं कपाट रिकामं करताना ती फोनांची वही वर आली. पुढच्या रविवारी त्यांनी महांतेशला फोन केला, या वेळी वाजू दिला. त्याने पत्ता दिला, आई घरीच असते म्हणाला. मॅजेस्टिकला मेट्रो बदलून त्या के. आर. पुरमला उतरल्या. मास्क आता कुणाच्याच तोंडावर नव्हता. डब्यात एक माणूस खोकला तेव्हा त्यांच्याशिवाय कुणी मान वळवली नाही.

कृष्णाजींच्या बायकोचं, गंगव्वांचं घर पहिल्या मजल्यावर होतं. दारातच ज्वारीच्या भाकरीचा खरपूस वास आला. आसपासच्या खाणावळींना त्या भाकरी करून देत. साठीच्या, ठेंगण्या, हातावर पीठ. "महांतेश म्हणाला हापिसातल्या बाई येनार म्हून. बसा की. स्वल्प कॉफी घ्या." आणि काठोकाठ भरलेला स्टीलचा लोटा समोर आला. कमला टीचरांनी तो दोन्ही हातांनी धरला. किती, असं विचारलं नाही.

त्यांनी घरून वाक्यं तयार करून आणली होती. ती सगळी विसरली. "तुमच्या यजमानांना शेवटचा फोन मी केला होता," त्या म्हणाल्या. "त्यांना दम किती लागतोय हे मोजून घ्यायचं होतं. मी मोजलं नाही. ते स्वल्प म्हणाले आणि मी तसंच लिहिलं. मला शिकवलं होतं, मोजायला लावा. सगळ्यांना लावलं, त्यांना नाही लावलं. तेवढंच सांगायला आले."

गंगव्वा हातावरचं पीठ चोळत बसल्या. मग त्यांनी विचारलं, "स्वल्प म्हणाले? तुमास्नी?"

"हो."

"मी रोज दाराबाहेरनं विचारायची. मला म्हणायचे, काय न्हाई गं." त्या आतल्या खोलीच्या दाराकडे बघत होत्या, ते अजून बंद असल्यासारखं. "मशीनमधी बोट गेलं, हाड दिसत हुतं, तवाबी काय न्हाई. त्यांची आई गेली तवा महिनाभर जेवले न्हाईत, तवाबी काय न्हाई. अडतीस वर्षं संसार झाला. स्वल्प म्हणाल्यालं मी कदी ऐकलंच न्हाई."

कमला टीचरांना कळायला क्षणभर लागला, आणि कळलं तेव्हा लोटा खाली ठेवावा लागला. आयुष्यभर काही नाही म्हणत आलेला माणूस त्या दिवशी स्वल्प म्हणाला होता. त्याच्याकडे याहून मोठी हाक नव्हती. घरच्यांना न सांगता ती त्याने त्यांना सांगितली होती, त्या मराठी बोलल्या म्हणून. त्यांना रडू आवरेना. माफ करा म्हणायलाही तोंड राहिलं नव्हतं, म्हणून त्या म्हणाल्या नाहीत. गंगव्वांनीही माफ केलं असं काही म्हटलं नाही. तव्यावरची भाकरी जळल्याचा वास आला, त्या उठल्या, गॅस बंद करून परत आल्या.

"किती येळ बोलले तुमच्यासंगं?"

"अकरा मिनिटं."

"अकरा मिनटं?" गंगव्वा सरसावून बसल्या. "काय बोलले एवढं?"

तीन वर्षं त्या अकरा मिनिटांचीच कमला टीचरांना लाज वाटत आली होती. गप्पा मारल्या नसत्या तर संकोच झाला नसता, आणि मोजायचं राहिलं नसतं.

"सांगा की," गंगव्वा म्हणाल्या. "सा दिवस दाराआडनं काय न्हाई, काय न्हाई, एवढंच. दवाखान्यात आत सोडलं न्हाई. पार पिलास्टिकात गुंडाळून नेलं, तोंडबी दावलं न्हाई. शेवटचं बोलणं म्हून माझ्यापाशी कायबी न्हाई हो."

मग कमला टीचरांनी सांगितलं. टीव्ही बारीक कर म्हणून ओरडले ते, चारशे वर्षांवर हसले ते, बसच्या बंद काचा, देवाप्पाचा खोकला, दोन्हीकडनं गेलो बघा. एक गोष्ट सांगायची नाही असं कबूल केलं होतं. जरा घुटमळून त्यांनी तीही सांगितली. लसणाची चटणी, चव कळत नव्हती, तरी वाटी पुसून दिली.

गंगव्वांनी पदर तोंडाला लावला. त्या हसत होत्या की रडत होत्या, सांगणं कठीण. "त्या चटणीत मीठ न्हवतं! घालायचंच राहिलं हुतं. मी रातच्याला चाखली तवा कळलं. मनात म्हटलं, बघा, तापानं का होईना, माणूस शाणा झाला, नावं ठेवायचं सोडलं." मग त्यांचा चेहरा उतरला. "म्हंजे मलाबी कळायला पायजे हुतं?"

"नाही," कमला टीचर घाईने म्हणाल्या. "तुम्हाला कुणी शिकवलं नव्हतं. मला शिकवलं होतं."

खाली रस्त्यावर कुणीतरी रिक्षावाल्याशी स्वल्प पुढे घ्या म्हणून हुज्जत घालत होतं. कॉफी निवली होती. गंगव्वांनी लोटा उचलला, गरम करून आणला, पुन्हा समोर ठेवला आणि या वेळी बाजूला नव्हे, अगदी जवळ येऊन बसल्या.

"पुन्यांदा सांगा," त्या म्हणाल्या. "टीव्ही बारीक कर म्हणाले, तितनं."

कमला टीचरांनी तिथून सांगायला सुरुवात केली, आणि कृष्णाजी जिथे जिथे थांबले होते तिथे तिथे या वेळी त्याही थांबल्या.